लाल कमी करा

हनुवटी प्लास्टिकच्या खाचेत टेकवून, कपाळ वरच्या पट्ट्याला चिकटवून ती बसली होती. खोलीत अंधार होता. यंत्राच्या पलीकडे, वीतभर अंतरावर बसलेल्या माणसानं घसा खाकरला, अर्धा श्वास थांबला आणि म्हणाला, "बघा हं आता." एवढंच. पण तिच्या मानेवर कुणी गार पाण्याची धार सोडावी तसं तिला झालं. चष्म्याच्या या दुकानात येऊन तिला वीस मिनिटं झाली होती. त्या वीस मिनिटांत तिनं त्याचा पांढरा कोट पाहिला होता, कॉलरमधून नको इतकी वर आलेली मान पाहिली होती, याला कुठंतरी पाहिलंय असं ओझरतं वाटूनही गेलं होतं. डोळ्यांवर तिचं पोट चालायचं, पण ओळख पटली ती कानानं. घसा खाकरणं, अर्धा श्वास, आणि मग ते 'बघा हं'. बगळा. दादाचा कॉलेजातला दोस्त, बगळा. त्यानं काच फिरवली. "पहिलं बरं की दुसरं?" समोरची अक्षरं फुटली आणि पुन्हा जुळली. "दुसरं," ती म्हणाली, आणि आपला आवाज इतका साधा कसा निघाला याचं तिलाच नवल वाटलं. "आणि आता? पहिलं की दुसरं?" त्याच्या श्वासाला लवंगेचा वास होता. पापणी वर धरायला त्यानं अंगठा टेकवला होता, हलकेच, सवयीनं. अठ्ठावीस वर्षं मनातल्या मनात ज्याच्या तोंडावर आपण थुंकत आलो, तो माणूस आपलं डोकं यंत्रात अडकवून आपल्याला विचारतोय, काय बरं दिसतंय. आणि त्यानं आपल्याला ओळखलेलंसुद्धा नाही.

ती सिनेमांचे रंग जुळवायची. आई होती तोवर शेजारणींना सांगायची, आमची मुलगी सिनेमाला रंग देते, आणि शेजारणींच्या डोळ्यांपुढं ही बादली आणि ब्रश घेऊन उभी राहायची. खरं काम असं, की तळघरातल्या एका बिनखिडकीच्या, राखाडी भिंतींच्या खोलीत दिवसभर एका पडद्यासमोर बसायचं, आणि सकाळी घेतलेलं दृश्य आणि दुपारी घेतलेलं दृश्य एकाच क्षणाचं वाटेल असं करायचं. भिंती राखाडी, कारण डोळ्याला दुसरा कुठलाही रंग फितवू नये. वर्षातून एकदा ती डोळे तपासून घ्यायची, एवढ्यासाठीच. नेहमीचा डॉक्टर गाव सोडून गेला म्हणून या दुकानात आली, इतकी क्षुल्लक गोष्ट. सध्या तिच्याकडं एक कोरियन सिनेमा होता. सुडाचा. एका चॅनलनं तो विकत घेतला होता आणि घरातली सगळी माणसं जागी असतात अशा वेळेला दाखवायचा ठरवला होता. त्यासाठी चार पानांची यादी आली होती, आणि चारही पानांवर बहुतेक ओळींपुढं एकच सूचना होती, लाल कमी करा. चॅनलवाला मोठा मवाळ माणूस. येताना बिस्किटं आणायचा, मागच्या खुर्चीत बसायचा, आणि रक्त आलं की स्वतः मान फिरवून म्हणायचा, रक्त असू द्या हो, फक्त रक्तासारखं नको. मग ती भिंतीवरच्या, फरशीवरच्या, शर्टाच्या बाहीवरच्या लालाला धरून हळूहळू मातकट करत न्यायची. गंजासारखं. सांडलेल्या चहासारखं.

पण तो सिनेमा लालाचा नव्हताच, तो हिरव्याचा होता. ज्यानं कुणी तो केला होता त्यानं सगळ्या सावल्यांत हिरवा ओतला होता. जिन्यांखाली, दाराच्या फटीत, माणसांच्या डोळ्यांखाली. साठलेल्या पाण्याला येतो तसा. गोष्ट तशी सरळ होती. लिफ्ट दुरुस्त करणारा एक मध्यमवयीन माणूस, त्याचं घर एका श्रीमंत माणसानं सहज, जाता जाता उद्ध्वस्त केलेलं, आणि आता हा एकेक मजला चढत त्याच्यापर्यंत पोचायला निघालेला. मारामारी थोडी, थांबणं फार. खून चौकटीच्या कडेला व्हायचा, आणि मधोमध काय, तर कोपऱ्यात टेकवलेली एक छत्री, तिच्या टोकातून ठिबकणारं पाणी. तिसऱ्या दिवशी तिच्या एक गोष्ट लक्षात आली होती. सुरुवातीला कॅमेरा वाकडा असतो, दारं तिरपी, टेबलं अर्धी कापलेली. पण तो माणूस जसजसा आतून मोडत जातो, तसतशी चौकट सरळ होत जाते. शेवटी शेवटी तर सगळं इतकं रेखीव, की पट्टी लावून पाहावं. खोली बरोबर मधून दुभागलेली, डावीकडं हा, उजवीकडं तो श्रीमंत, आणि तो श्रीमंत अगदी मनापासून, लाजून म्हणतो, माफ करा, आपण कुठं भेटलोय का? डोळे तपासून आली त्या दिवशी तिनं हे दृश्य लावलं आणि पुढं काही न करता परत परत पाहत राहिली. चॅनलवाल्यानं विचारलं, यात काही अडचण आहे का, यात तर लाल काहीच नाही. ती म्हणाली, नाही, बघतेय फक्त.

बगळा एकदा त्यांच्या घरी राहून गेला होता. सुट्टीत, चार दिवस. दादा तेव्हा कॉलेजच्या दुसऱ्या वर्षाला होता, ती तेरा वर्षांची. उंच, लुकडा, नको इतक्या मानेचा तो मुलगा जेवताना आईला दर घासाला छान झालंय म्हणायचा आणि बाबांसमोर उभाच राहायचा. जुन्या पोस्टकार्डाला टाचणीनं भोक पाडून त्यानं तिला भिंतीवर सूर्य दाखवला होता. सूर्याचा नखाएवढा ठिपका. घसा खाकरून म्हणाला होता, बघा हं. तिला कुणी तोवर अहो-जाहो केलं नव्हतं. ते चार दिवस ती दोन वेण्यांऐवजी एक घालून हिंडली होती, आणि ही गोष्ट तिनं नंतर स्वतःलासुद्धा परत कधी सांगितली नाही. सहा महिन्यांनी कॉलेजच्या प्रयोगशाळेतलं सूक्ष्मदर्शकाचं एक भिंग गेलं. परदेशी, बोटाच्या पेराएवढं. चौकशी झाली, आणि बगळा उभा राहून म्हणाला, याला मी ते पिशवीत टाकताना पाहिलं. भिंग सापडलं नाही. दादा म्हणत राहिला, मी नाही. कॉलेजच्या पटावरून त्याचं नाव काढलं गेलं, तो ट्रंक घेऊन घरी आला, आणि बाबा त्याच्याशी बोलायचे थांबले.

थांबले म्हणजे कायमचे थांबले. बाबा शाळेत शिकवायचे. आवाज कधी न चढवता वर्ग गप्प करणारे म्हणून त्यांचं नाव होतं, आणि तीच कला त्यांनी घरात वापरली. दादा स्वयंपाकघरात आला की ते ताट उचलून बाहेरच्या खोलीत जायचे. दादाला सांग, नळ नीट बंद कर म्हणावं. बाबांना सांग, मी दिवा दुरुस्त केलाय. दोन माणसं, मधे सहा पावलं, आणि त्या सहा पावलांत निरोप्यासारखी तेरा-चौदा-पंधरा वर्षांची ती. निरोप पोचवता पोचवता ती त्यातला कडूपणा काढून टाकायला शिकली. नीट बंद कर म्हणावं, याचं ती करायची, बाबा विचारत होते नळ गळतोय का. एका अर्थी रंग जुळवायचं काम तिनं तेव्हाच सुरू केलं होतं. सहा वर्षांनी बाबा गेले, न बोलताच गेले. शेवटच्या आठवड्यात दादा रात्रंदिवस उशाशी होता, आणि बाबा छताकडं बघत होते. आई काहीच बोलायची नाही, कुणाचीच बाजू घ्यायची नाही. एकटी ती उघडपणे म्हणायची, माझा दादा असं करणार नाही, तो लुच्चा बगळा खोटं बोलला. पुढं एका सिनेमाच्या संकलकाशी तिचं लग्नापर्यंत आलं होतं. चांगला माणूस, हसरा. एकदा चालता चालता तो म्हणाला, पण समजा, घेतलं असेल तर? वीस वर्षांच्या पोरानं एक भिंग घेतलं, एवढं काय त्यात? ती रस्त्याच्या मधोमध थांबली आणि तिथूनच परत फिरली. संकलक बरेच दिवस फोन करत होता.

पंधरा दिवसांत ती त्या दुकानात चार वेळा गेली. चष्म्याची दांडी सैल आहे. नंबर जरा चढा वाटतोय. डोळे कोरडे पडतायत. दर वेळी तो तितक्याच शांतपणे तपासायचा, दर वेळी घसा खाकरायचा. ती त्याला बघायची, सिनेमातला लिफ्टवाला बघतो तशी. कानामागचे पांढरे केस, बोटातली सैल झालेली लग्नाची अंगठी, जेवणाचा डबा, डब्याला गुंडाळलेला धुऊन धुऊन विटलेला रुमाल. एका म्हाताऱ्या बाईंना तो अर्धा तास न कंटाळता एकच ओळ वाचायला लावत होता. याचा तिला भयंकर राग आला. इतकं चांगलं वागायची याची काय बिशाद. दुकानाची मालकीण, ठेंगणी, गळ्यात चष्म्याची दोरी अडकवलेली बाई, एकदा तिला म्हणाली, आमचा माणूस सोन्यासारखा आहे, अकरा वर्षांत कुणाची तक्रार नाही. आणि तिथं, फ्रेमांच्या काचेच्या कपाटासमोर उभं असताना तिला काय करायचं ते अचानक, सहज सुचलं. इतकं सहज, की ते पहिल्यापासून तिथंच ठेवलेलं असावं.

पाचव्या खेपेला ती म्हणाली, डोळ्यांत घालायच्या लेन्स करून बघाव्यात म्हणते. त्यासाठी आधी हात धुवावे लागतात. तपासायच्या खोलीतच मागच्या बाजूला बेसिन होतं. तो पाठमोरा बसून लेन्सची डबी उघडत होता. तिनं बोटातली आईची अंगठी काढली. आईची म्हणजे आईनं जन्मभर घातलेली, आतून झिजून कागदासारखी झालेली. ती खिशात टाकली आणि हात धुतले. लेन्स डोळ्यात गेली, पाणी आलं, निघाली, पुन्हा गेली. बरोबर नाही वाटत, राहू द्या, असं म्हणून ती बाहेर पडली. कोपऱ्यावरच्या दुकानात एक चहा घेतला, घड्याळात अर्धा तास मोजला आणि परत येऊन मालकिणीसमोर उभी राहिली. मी बेसिनवर अंगठी ठेवली होती. आईची आहे. तिथं नाहीये. मधे त्या खोलीत दुसरं कुणी गेलं नव्हतं. हे सगळं ती हळू आवाजात, जरा अवघडून बोलली. तो आतून आला. मालकिणीनं विचारलं, तुम्ही अंगठी पाहिलीत का? तो तिच्याकडं बघत राहिला. एक श्वास, दोन श्वास. घसा खाकरला. मग म्हणाला, नाही, मी पाहिली नाही.

घरी जाताना सगळं सरळ होतं. रस्ता सरळ, दिव्यांचे खांब एका रेषेत, माणसं आपापल्या जागी. सिग्नल तिच्यासाठीच हिरवा झाल्यासारखा झाला. जिना चढताना तिनं पायऱ्या मोजल्या, त्या जितक्या असायला हव्यात तितक्याच होत्या. झोपसुद्धा चांगली लागली. तिसऱ्या दिवशी मालकिणीचा फोन आला. आवाज बसलेला होता. आम्ही त्यांना काढलं. फार वाईट वाटतं, पण गिऱ्हाइकांचा विश्वास आहे ना. अंगठीचं काय करायचं ते बोलू. ती म्हणाली, अंगठीचं राहू द्या. फोन ठेवून तिनं यादीतली पुढची ओळ घेतली. बाहीवरचं रक्त होतं. तिनं लाल खाली आणलं, आणखी खाली आणलं, बाही राखाडी झाली, मग हातसुद्धा राखाडी झाला, आणि तो मेलेल्या माणसाच्या हातासारखा दिसायला लागल्यावर ती दचकून थांबली. चॅनलवाला मागून म्हणाला, इतकं पण नको, जिवंत आहे तो अजून.

रविवारी दुपारी ती दादाकडं गेली. हे सांगायलाच. दादा एका मोठ्या हॉस्पिटलच्या धुलाईखात्यात होता. आधी चादरी वाहणारा, आता खात्याचा मुख्य. एकटाच राहायचा, एका खोलीत, आणि त्या खोलीइतकी स्वच्छ खोली तिनं दुसरी पाहिली नव्हती. वाफेत काम करून करून त्याच्या हातांचे तळवे लहान मुलासारखे गुलाबी, मऊ झाले होते. मागं एकदा ती कामाविषयी बोलली तेव्हा तो हसून म्हणाला होता, म्हणजे तू पण डागच काढतेस की. रक्ताला गरम पाणी कधी लावायचं नाही, बारके. गरम लावलंस की बसलंच ते. आधी गार पाणी, आणि घाई नाही. आज तो आठवड्याच्या शर्टांना इस्त्री करत होता. तिनं पलंगावर बसून सांगायला सुरुवात केली. दुकान, ती मान, ते खाकरणं. मग अंगठी. सांगताना तिचा आवाज वाढत गेला, हात हलायला लागले, शाळेतून पहिला नंबर घेऊन आलेल्या मुलीसारखी ती धापा टाकत बोलत होती. दादानं इस्त्री उभी केली. बटण बंद केलं.

"कुणाला काढलं म्हणालीस?"

"बगळ्याला. कालपासून घरी बसलाय. कळू दे त्याला, न केलेल्या चोरीचं नाव कसं चिकटतं ते."

दादा शर्टाच्या कॉलरवरून बोट फिरवत राहिला. मग म्हणाला, "भिंग मी घेतलं होतं."

तिला ते ऐकू आलं, पण आत गेलं नाही. तिनं खोलीभर नजर फिरवली. घडी घातलेला टॉवेल, पाण्याचा माठ, दाराला अडकवलेली पिशवी. सगळं जागच्या जागी होतं. काहीतरीच काय बोलतोस, असं काहीसं ती म्हणाली असावी. दादा स्टुलावर बसला आणि बोलू लागला. जमिनीकडं बघत, एका सुरात, जणू हे सगळं त्यानं आधीच कितीतरी वेळा बोलून ठेवलं होतं. हवं होतं म्हणून घेतलं. विकायचं नव्हतं, काही करायचं नव्हतं. इतकी सुंदर वस्तू त्यानं तोवर हातात धरली नव्हती. दोन दिवस उशीखाली होतं, मग चौकशीची भीती बसली आणि पुलावरून नदीत टाकलं. नंतर वाटलं होतं, सांगून टाकावं. पण एकदा नाही म्हटल्यावर हो म्हणायला जागाच उरली नाही. बाबांना माहीत होतं. बाबांना कसं माहीत होतं ते माहीत नाही, पण त्यांना माहीत होतं, आणि तो कबूल करेल म्हणून ते सहा वर्षं वाट बघत होते. न बोलणं म्हणजे त्यांचं वाट बघणं होतं.

"आणि मला?" ती म्हणाली. "मला का नाही सांगितलंस?"

"तू एकटीच म्हणायचीस, माझा दादा असं करणार नाही. वेण्या घालून, कमरेवर हात ठेवून. त्या एका वाक्यावर मी तगलो, बारके. ते कसा मोडणार होतो? मला वाटलं, मोठी होशील, विसरशील. तू इतकं धरून बसशील असं नव्हतं वाटलं मला."

ती उठली. तिला काहीतरी फेकावंसं वाटत होतं आणि त्या खोलीत फेकण्याजोगं काही नव्हतं. संकलकाचं हसू आठवलं, रस्त्याच्या मधोमध त्याचं ते 'पण समजा'. चाळीस-एक्केचाळीस वर्षांच्या आपल्या आयुष्यातून हा एक राग काढून घेतला तर खाली काय शिल्लक राहतं, हे बघायला तिनं आत हात घातला, आणि हाताला काही लागेना. मी येतो तुझ्याबरोबर, आत्ताच जाऊ त्याच्याकडं, दादा चपला शोधत म्हणाला. तू नको येऊस, ती म्हणाली. तुझ्या तोंडाकडं मला बघवत नाही आत्ता. जिन्यात तिला जाणवलं की हे वाक्य बाबांचं असायला हवं होतं. त्यांनी ते कधी उच्चारलं नाही.

सोमवारी सकाळी ती तळघरात गेली, पडदा लावला, आणि अर्धा तास नुसती बसली. ते शेवटचं दृश्य समोर थांबवलेलं होतं. मधून दुभागलेली खोली, डावीकडं हा, उजवीकडं तो. इतके दिवस ती डावीकडूनच ही खोली बघत आली होती. आता पहिल्यांदा तिला उजवीकडच्या माणसाचे हात दिसले. मांडीवर एकात एक गुंतवलेले, बोटं बोटांना घट्ट धरून. तो लाजत नव्हता, घाबरला होता. तिच्या पायाला मुंग्या आल्या होत्या. बसवेना, उभं राहवेना. चॅनलवाल्याला तिनं निरोप ठेवला, आज जमणार नाही, आणि दुकान उघडायच्या वेळेला जाऊन पोचली. मालकीण कपाटाच्या काचा पुसत होती. तिनं अंगठी काउंटरवर ठेवली. मालकिणीचा चेहरा खुलला. सापडली का, सुटलो बाई, कुठं होती? माझ्या खिशात होती, ती म्हणाली. होतं असं, मालकीण म्हणाली, माणूस विसरतो. विसरले नव्हते, मी मुद्दाम टाकली होती खिशात. त्यांच्यावर आळ यावा म्हणून. मालकीण पुसायचं फडकं तसंच हातात धरून तिच्याकडं बघत राहिली. मग म्हणाली, अकरा वर्षं. मी त्यांना खिसे दाखवायला लावले हो, सगळ्यांसमोर. चष्मा पुसायच्या कापडाचं एक पाकीट उलटं करून तिनं त्यावर पत्ता लिहून दिला. घराचा आकडा तिला दोनदा लिहावा लागला.

चौथा मजला. लिफ्ट नव्हती. दार त्याच्या बायकोनं उघडलं. हातात वाटाण्याच्या शेंगा होत्या. ही नाव सांगणार तोच आतून तो आला, घरच्या कपड्यांत, आणि घरच्या कपड्यांत त्याची मान आणखीच लांब दिसत होती. वाटभर तिनं वाक्यं जुळवली होती, त्यातलं एकही आता आठवेना. अंगठी माझ्याकडंच होती, ती दारातच म्हणाली. मी खोटं बोलले. दुकानात सांगून आलेय.

"माहीत आहे," तो म्हणाला. "तपासायची खोली लहान आहे आमची. अक्षरांचा तक्ता आरशात दाखवावा लागतो. त्या आरशात बेसिन दिसतं."

"मग बोलला का नाहीत?"

त्यानं बायकोकडं पाहिलं, मग खाली, चपलांच्या रांगेकडं. "एकदा बोललो होतो, दिसलेलं. तुझ्या घरात काय झालं ते नंतर कानावर आलं. तुझं आडनाव तपासणीच्या कार्डावर वाचलं त्याच दिवशी मी ओळखलं तुला. म्हटलं, हिशेबाला आलीये तर येऊ दे."

शेंगा धरलेले बायकोचे हात खाली आले. तिला यातलं काहीच ठाऊक नव्हतं, हे दिसत होतं. तीन दिवस हा माणूस घरात बसून होता आणि आपल्याच बायकोला त्यानं सांगितलं नव्हतं की आपण काय पाहिलं. मग हिनं उरलेलं सांगितलं. एका दमात, भिंतीकडं बघून. दादा म्हणाला, तुम्ही खरं बोलला होतात. भिंग त्यानंच घेतलं होतं. काल सांगितलं मला. इतक्या वर्षांत पहिल्यांदा.

तो हलला नाही. पुढं काय व्हायला हवं याचा तिला अंदाज होता. तो रागावेल, नाहीतर हसेल, नाहीतर दार लावून घेईल. तिन्ही तिला चाललं असतं. पण तो दाराची चौकट धरून हळूहळू खाली उंबऱ्यावर बसला, लहान मूल बसतं तसा.

"नक्की?" तो म्हणाला. "तो स्वतः म्हणाला?"

ती हो म्हणाली. तो आता तिच्याशी बोलत होता की स्वतःशी, हे कळत नव्हतं. तुझे वडील आले होते कॉलेजात, तो म्हणाला, कुणाला न सांगता. मला बाजूला घेतलं. म्हणाले, पोरा, नीट आठव. मी म्हटलं, दिसलं मला. परत म्हणाले, नीट आठव. तीनदा विचारलं त्यांनी. तिसऱ्या वेळी त्यांच्या डोळ्यांत पाणी होतं, आणि मी हो म्हटलं, पण तेव्हा माझीच खात्री गेली होती. संध्याकाळची वेळ होती, खिडकीतून ऊन येत होतं. वाटायला लागलं, आपल्याला दिसलंच नसेल. मग तेच वाटत राहिलं. डोळ्यांचं शिकायला गेलो तेव्हाही तेच. माणसाला काय दिसतं, काय दिसल्यासारखं वाटतं. "पिशवी राखाडी होती," तो एकदम वर बघून म्हणाला. "डाव्या हातानं टाकलं त्यानं. बरोबर? टाकायच्या आधी एकदा उजेडाला धरून पाहिलं होतं. असंच म्हणाला ना तो?"

तिला माहीत नव्हतं. बाबा गेले होते. बाबा कॉलेजात गेले होते, आणि कुणापुढं तरी त्यांच्या डोळ्यांत पाणी आलं होतं. हे ती अजून धरूच शकत नव्हती, ते हातातून निसटत होतं आणि दुसरीकडं तो खालून तिच्याकडं बघत होता, उत्तर हवं असलेल्या डोळ्यांनी. तिनं पर्स उघडली, फोन काढला. पलीकडं यंत्रांची घरघर होती, आणि त्यात दादाचा आवाज, कोण, बारके? तिनं एक शब्दही न बोलता फोन खाली त्याच्या हातात दिला. त्यानं तो दोन्ही हातांनी कानाशी धरला. घसा खाकरला. मग तो म्हणाला, हो, मीच. मग म्हणाला, राखाडीच ना? मग, उजेडाला धरून, हो, तेच म्हणतोय मी. आणि त्याचा चेहरा असा काही होत गेला की त्याच्या बायकोनं शेंगा बाजूला ठेवल्या आणि ती त्याच्या खांद्याशी येऊन उभी राहिली.

कुणीतरी आतून खुर्ची आणून ठेवली होती, बस म्हटलं होतं, बहुतेक त्या बायकोनंच. तिनं खुर्चीच्या पाठीवर हात ठेवला, काढला. एक पायरी उतरली, परत चढली. फोनमधून दादाचा आवाज बारीक, अखंड येत होता, शब्द कळत नव्हते. इतकं बोलताना तिनं त्याला कधी ऐकलं नव्हतं. दोघंही तिच्याविषयी बोलत नव्हते. तिथं, त्या खिडकीपाशी, त्या उन्हात ती नव्हतीच कधी. निघून जावं असं वाटत होतं, आणि फोन त्याच्याकडं होता. मग उंबऱ्यावर बसलेल्या त्या माणसानं मान वर करून तिच्याकडं पाहिलं, आणि फोनमध्ये म्हणाला, "नाही, गेली नाही. इथंच आहे. बस म्हटलं, पण उभीच आहे."